जपानी हॉली फर्न: मुळांना ओल, गाभ्याला हवा

जपानी हॉली फर्न सहसा उन्हाने मरत नाही, पाण्याअभावीही क्वचितच मरतो. तो मरतो खोल लावल्यामुळे. रोपाच्या मधोमध जिथून नवी पाने गुंडाळलेल्या अवस्थेत वर येतात तो गाभा मातीत दोन बोटे जरी गाडला गेला, तरी तिथे पाणी मुरत राहते आणि कूज सुरू होते. गंमत अशी की पाने पुढे बरेच दिवस हिरवीगार दिसतात, कारण ती चामड्यासारखी जाड असतात आणि आतले पाणी सहजी सोडत नाहीत. लावणाऱ्याला वाटते, रोप छान लागले. एक दिवस पान ओढून पाहावे, तर ते देठासकट हातात येते.

या फर्नचे शास्त्रीय नाव सिर्टोमियम फाल्कॅटम. जपान, कोरिया, चीनचा पूर्व भाग, तैवान आणि व्हिएतनाम हा त्याचा मूळ मुलूख. तिथे तो समुद्रकाठच्या कड्यांच्या भेगांत आणि ओढ्यांकाठच्या खडकांत उगवतो. मुळे भेगेत खोल, गार आणि ओलसर जागी असतात, पण गाभा दगडाच्या तोंडाशी, उघड्या हवेत असतो. पाऊस पडला की पाणी वाहून जाते, साचत नाही. खाऱ्या वाऱ्याला तोंड द्यावे लागते म्हणून पान जाड आणि तुळतुळीत. मुळांना ओल आणि गाभ्याला हवा, ही मांडणी एकदा लक्षात आली की पुढचे बहुतेक निर्णय आपोआप सुटतात.

आधी ओळख पटवा

पूर्ण वाढलेल्या रोपाची पाने ४५ ते ६० सेंटिमीटर लांब असतात आणि कारंज्यासारखी बाहेर झुकतात, त्यामुळे रुंदीत ते ६० ते ७५ सेंटिमीटर जागा घेते. प्रत्येक पानावर कोयत्यासारख्या किंचित वाकलेल्या, टोकदार पर्णिकांच्या, म्हणजे पानाच्या दांड्याला दोन्ही बाजूंनी लागलेल्या छोट्या पात्यांच्या, सहा ते दहा जोड्या असतात. पर्णिकेचा वरचा पृष्ठभाग गडद हिरवा आणि चकचकीत असतो. देठाच्या तळाशी मोठे तपकिरी खवले दाटीने असतात. ते रोगाचे लक्षण नव्हे, खरवडून काढू नयेत.

पानाच्या मागे गोल ठिपके विखुरलेले दिसतात. पहिल्यांदा हा फर्न घेणारे इथे हमखास घाबरतात आणि कीड समजून फवारणी करतात. ते बीजाणूंचे, म्हणजे फर्न ज्यांपासून उगवतो त्या धुळीसारख्या बारीक कणांचे, पुंज आहेत. खवले कीड आणि बीजाणू यांतला फरक असा: बीजाणूंचे ठिपके फक्त पानाच्या मागच्या बाजूला, जवळजवळ सारख्या आकाराचे आणि सारख्या अंतरावर असतात. खवले कीड मधल्या शिरेला आणि देठाला धरून, वेड्यावाकड्या गटांत बसते, वरच्या बाजूलाही सापडते आणि तिच्याखालच्या पानांवर चिकट थर साचतो. शंका असेल तर नखाने एक ठिपका खरवडा. कोरडी भुकटी निघाली तर बीजाणू, ओला चिकट डाग पडला तर कीड.

रोपे विकताना सिर्टोमियमच्या इतर जातीही याच नावाखाली दिल्या जातात. पर्णिका अरुंद आणि संख्येने जास्त, रंग फिकट आणि चमक नसलेला असेल तर ते बहुधा सिर्टोमियम फॉर्च्युनाय असते. ते वाईट नाही, उलट कडक थंडी त्याला अधिक सोसते, पण ती गडद चमक त्यात मिळणार नाही. ‘रॉचफोर्डियानम’ हा याच फर्नचा बागेत जुना झालेला वाण. त्याच्या पर्णिकांच्या कडा खोल दातेरी असतात, बाकी निगा तीच.

रोप निवडताना पाने किती आहेत याकडे कमी आणि गाभ्याकडे जास्त लक्ष द्या. मधोमध किमान एखादा तपकिरी लव असलेला, घट्ट गुंडाळलेला कोंब दिसायला हवा. तो टणक असावा. काळा पडून मऊ झालेला असेल तर रोप कितीही भरगच्च दिसले तरी घेऊ नका. कुंडीच्या भोकातून मुळांचा जाड पुंजका बाहेर आलेला असेल तर मात्र हरकत नाही, तेवढे सोडवता येते.

जागा

उजळ सावली ही सर्वांत चांगली. मोठ्या झाडाच्या विरळ छायेखाली किंवा भिंतीच्या ज्या बाजूला दुपारचे ऊन पोहोचत नाही अशा ठिकाणी हा फर्न सुखात असतो. सकाळचे तासभर कोवळे ऊन चालते. दुपारचे थेट ऊन लागले तर आधी पानांची चमक जाते, मग रंग पिवळट हिरवा होतो आणि शेवटी पर्णिकांवर कोरडे, फिक्कट तपकिरी चट्टे पडतात. शेडनेटखाली लावायचे असेल तर ६० ते ७५ टक्के सावली देणारी जाळी पुरते.

बहुतेक फर्नांपेक्षा हा घरात जास्त तग धरतो. कोरडी हवा आणि मंद उजेड दोन्ही सहन करतो, म्हणूनच एकोणिसाव्या शतकापासून युरोपात तो दिवाणखान्यातला फर्न म्हणून वाढवला गेला. पण सहन करणे वेगळे आणि वाढणे वेगळे. खिडकीपासून एक-दोन मीटर अंतरावर, जिथे दिवसा दिवा न लावता वाचता येते, तिथे तो नवी पाने काढतो. त्याहून अंधाऱ्या कोपऱ्यात आहेत ती पाने टिकवतो, पण नवी फारशी येत नाहीत.

थंडीबद्दल थोडक्यात: हलके धुके-दहिवर आणि अधूनमधून पडणारे हिव त्याला सोसते. तापमान उणे १० अंश सेल्सिअसच्या आसपास गेले तर वरची पाने करपतात, पण मुळांवर जाड आच्छादन असेल तर वसंतात गाभ्यातून पुन्हा फुटवा येतो. म्हणजे सदाहरित हे विशेषण सौम्य हिवाळ्यापुरतेच. गरम हवामानात उन्हाळ्याचे काही आठवडे वाढ थांबते. तेव्हा तो मेलेला नसतो, त्याला खताचा डोस देऊन उठवायला जाऊ नका.

माती

जमिनीत लावायचे असेल तर दोन भाग बागेची माती, दोन भाग चांगले कुजलेले पानांचे खत आणि एक भाग जाडी वाळू, असे मिश्रण करा. कुंडीसाठी बागेची माती टाळलेली बरी, ती पाण्याने दबून घट्ट होते. दोन भाग कोकोपीट, एक भाग पानांचे खत किंवा जुने गांडूळखत आणि एक भाग परलाइट (भाजून फुलवलेले हलके, पांढरे खनिज दाणे) घ्या. परलाइट नसेल तर हरभऱ्याएवढे विटांचे तुकडे चालतात. कोकोपीट वापरण्यापूर्वी दोन-तीन पाण्यांतून भिजवून पिळून काढा. त्यात उरलेले क्षार पानांच्या कडा जाळतात आणि दोष मात्र उन्हाला लागतो.

मातीचा सामू (pH, म्हणजे आम्लतेचे माप) ५.५ ते ७ यामध्ये असला की पुरे. काटेकोरपणे मोजत बसण्याइतका हा फर्न नाजूक नाही.

मिश्रण बरोबर झाले की नाही हे तपासायला भरलेल्या कुंडीत एक तांब्या पाणी ओता. अर्ध्या मिनिटात पाणी पृष्ठभागावरून खाली गेले पाहिजे आणि थोड्याच वेळात तळाच्या भोकातून थेंब पडले पाहिजेत. वर डबके राहिले तर वाळू किंवा परलाइट वाढवा.

लावण

नवी पालवी फुटण्याच्या जरा आधीचा किंवा कडक ऊन ओसरल्यानंतरचा काळ निवडा. मुळांना मोकळेपणाने पसरायला सहा-आठ आठवडे सौम्य हवा मिळाली पाहिजे.

१. रोप कुंडीसकट बादलीतल्या पाण्यात पंधरा-वीस मिनिटे ठेवा. बुडबुडे थांबले की काढून निथळू द्या. कोरडा मुळांचा गोळा एकदा जमिनीत गेला की बाहेरची माती ओली असूनही आतून कोरडाच राहतो.

२. खड्डा मुळांच्या गोळ्याच्या दुप्पट रुंद खणा. खोली मात्र गोळ्याच्या उंचीपेक्षा एक-दोन सेंटिमीटर कमीच ठेवा. तळ उकरून मऊ करू नका. तो मऊ केला की रोप पुढे खचते आणि गाभा मातीत जातो.

३. मुळे कुंडीच्या आकारात गोल फिरलेली असतील तर बाजूंनी बोटांनी मोकळी करा. तळाशी जमलेली जाळी कापून टाकली तरी चालते.

४. रोप ठेवा आणि खड्ड्यावर आडवी काठी धरून पाहा. गाभ्याचा तळ काठीच्या रेषेपेक्षा एक ते दोन सेंटिमीटर वर दिसला पाहिजे. संपूर्ण लावणीत हीच पायरी सर्वांत महत्त्वाची, इथे दोन मिनिटे जास्त घालवा.

५. बाजूने मिश्रण भरा आणि बोटांनी दाबा. पायाने तुडवू नका.

६. पाणी कडेने गोलाकार द्या, मधोमध ओतू नका.

७. वर पालापाचोळ्याचे किंवा सालीच्या तुकड्यांचे चार-पाच सेंटिमीटर आच्छादन पसरा, पण गाभ्याभोवती चार बोटे जागा उघडी ठेवा.

दोन रोपांत ५० ते ६० सेंटिमीटर अंतर हवे. सुरुवातीला बाग रिकामी दिसते. हा फर्न सावकाश वाढतो आणि तेवढी जागा भरायला त्याला दोन-तीन वर्षे लागतात.

दहा-बारा दिवसांनी पुन्हा एकदा गाभा पाहा. माती बसल्यावर रोप खाली गेले असेल तर आत्ताच खुरप्याने तळातून उचलून खाली मूठभर माती सारा. महिन्याभराने हेच करायला गेलात तर नवी मुळे तुटतात.

जमीन चिकण आणि पाणी धरणारी असेल तर खड्डा खणूच नका. जमिनीवर १५ सेंटिमीटर उंचीचा वरंबा करून त्यात लावा. दगडी बांध किंवा पायऱ्यांची कड असेल तर त्याहून उत्तम. दोन दगडांच्या फटीत मिश्रण ठासून रोप थोडे तिरपे बसवले की पाणी गाभ्यावर थांबतच नाही. या फर्नला जमिनीतल्या वाफ्यापेक्षा ही जागा जास्त मानवते, आणि दिसायलाही ती अधिक शोभते.

कुंडी मुळांच्या गोळ्यापेक्षा चार-पाच सेंटिमीटरच रुंद घ्या. मोठ्या कुंडीत मुळांबाहेरची माती ओलीच राहते आणि आंबते. दर दोन वर्षांनी एक माप मोठी कुंडी द्या.

पाणी आणि खत

बोट मातीत पहिल्या पेरापर्यंत खुपसा. वरचा दोन सेंटिमीटरचा थर कोरडा आणि खाली ओल लागत असेल तर आज पाणी देण्याची वेळ आहे. खालीही कोरडे लागले तर थोडा उशीर झाला. वरच ओले असेल तर राहू द्या. अमुक दिवसांनी पाणी, असे वेळापत्रक इथे चालत नाही, कारण हवा, कुंडीचा प्रकार आणि पानांची संख्या यांवर सगळे अवलंबून असते. मातीची कुंडी प्लॅस्टिकच्या कुंडीपेक्षा बरीच लवकर सुकते. पाणी द्याल तेव्हा तळातून निघेपर्यंत द्या आणि ताटलीत साचलेले अर्ध्या तासात ओतून टाका.

पहिले वर्षभर पाण्याची आबाळ करू नका. मुळे खोल गेली की जमिनीतले रोप आठवडा-दोन आठवड्यांचा कोरडेपणा सोसते. पानांवर रोज फवारा मारण्याची गरज नाही. चकचकीत पानाला त्याचा फारसा उपयोग नसतो आणि पाणी घरंगळत थेट गाभ्यात उतरते. पानांवर धूळ बसली असेल तर ओल्या फडक्याने पुसा, तेवढे पुरे.

खत कमी द्या. वाढीच्या काळात महिन्यातून एकदा, समतोल द्रवरूप खत पाकिटावर लिहिलेल्या मात्रेच्या निम्मे पातळ करून, ओल्या मातीत. जमिनीतल्या रोपाला वर्षातून एकदा रोपाभोवती दोन मुठी गांडूळखत पसरले की काम भागते. ताजे शेणखत कधीच घालू नका. फर्नची मुळे बारीक असतात आणि क्षार त्यांना चटकन जाळतात.

जुनी, फाटकी पाने नवे कोंब वर येण्यापूर्वी तळाशी कात्रीने कापा. ओढून काढू नका, शेजारचा कोंब सोबत निघतो. हिरवी पाने एकदम सगळी छाटून ‘ताजे’ करण्याचा मोहही टाळा. सावकाश वाढणाऱ्या रोपाला त्यातून सावरायला एक पूर्ण हंगाम जातो.

काय बिघडते आणि का

पर्णिकांच्या कडा आणि टोके तपकिरी होणे ही सर्वांत नेहमीची तक्रार. कारणे तीन: क्षार साचणे, मुळे एकदा पूर्ण सुकणे, किंवा गरम कोरड्या हवेचा थेट झोत. मातीवर किंवा कुंडीच्या कडेला पांढरा थर दिसत असेल तर कारण क्षार हेच. कुंडीच्या आकारमानाच्या तिप्पट साधे पाणी सावकाश ओतून माती धुवून काढा आणि दोन महिने खत बंद ठेवा. तपकिरी झालेला भाग पुन्हा हिरवा होत नाही. सुधारणा नव्या पानांत शोधायची.

खालची एक-दोन जुनी पाने पिवळी पडली तर ते वयाचे लक्षण. सगळीच पाने एकदम फिकट झाली तर ऊन जास्त आहे किंवा मुळे पाण्यात बसली आहेत. माती हुंगून पाहा. आंबूस वास आला तर रोप काढा, काळी मऊ मुळे कापा, नव्या मोकळ्या मिश्रणात बसवा आणि माती किंचित सुकेपर्यंत पाणी देऊ नका.

नवे कोंब उलगडण्याआधीच काळे पडले तर दोन शक्यता. टणक आणि वाळके असतील तर उलगडण्याच्या नेमक्या दिवसांत पाणी तुटले, पुढचा कोंब ठीक येईल. मऊ आणि बुळबुळीत असतील तर गाभा कुजतो आहे. गाभ्याभोवतीची माती लगेच बाजूला करा, सडलेला भाग स्वच्छ सुरीने निरोगी उतीपर्यंत कापा आणि जागा उघडी, कोरडी ठेवा. गाभ्याच्या मधला कोंब सडला असेल तर रोप वाचण्याची आशा कमीच असते, म्हणून लावतानाची ती आडवी काठी.

शिरांच्या मर्यादेत अडकलेले, कोनदार, तपकिरी-काळे चट्टे पानावर दिसले तर पानांतल्या सूत्रकृमींचा, म्हणजे धाग्यासारख्या अतिसूक्ष्म कृमींचा, संशय घ्या. ते ओल्या पानावरून पोहतात आणि पाण्याच्या शिंतोड्यांनी शेजारी पोहोचतात. अशी पाने कापून कचऱ्यात टाका, खतखड्ड्यात नको, आणि वरून पाणी देणे बंद करा.

खवले कीड आणि पिठ्या ढेकूण थोडे असतील तर स्पिरिटमध्ये बुडवलेल्या कापसाने एकेक पुसा. जास्त असतील तर सौम्य साबणाचे पाणी. तेलयुक्त फवारण्या, निमतेलसुद्धा, फर्नच्या पानांना भाजू शकतात, म्हणून आधी एकाच पानावर मारून चार-पाच दिवस थांबा. कोवळ्या कोंबांवर काहीच फवारू नका. गोगलगायी आणि शेंबड्या (शंख नसलेल्या गोगलगायी) रात्री कोवळे कोंब कुरतडतात. बॅटरी घेऊन हाताने वेचणे हाच खात्रीचा उपाय.

नवी रोपे: फाळणी की बीजाणू

हा फर्न धावत पसरणारा नाही. मूळखोड आखूड आणि उभे असते. एकाच गाभ्याचे रोप मधोमध चिरले तर दोन्ही अर्धे मरतात. एका बेटात दोन-तीन स्वतंत्र गाभे स्पष्ट दिसत असतील तरच, नवी पालवी फुटण्यापूर्वी, प्रत्येक भागाला स्वतःची मुळे आणि तीन-चार पाने राहतील असे धारदार सुरीने वेगळे करा. वेगळे केलेले भाग आधीइतक्याच उंचीवर लावा आणि महिनाभर पूर्ण सावलीत ठेवा.

बीजाणूंपासून रोपे करणे मात्र या फर्नच्या बाबतीत इतर अनेकांपेक्षा सोपे आहे. बहुतेक फर्नांत बीजाणूपासून आधी हृदयाकृती, नखाएवढा हिरवा तुकडा बनतो. त्यावर नर आणि मादी पेशी तयार होतात आणि नर पेशी पाण्याच्या थरातून पोहत मादी पेशीपर्यंत जाऊन त्यांचे मीलन झाले तरच फर्नचे रोप उगवते. बागेत वाढवला जाणारा जपानी हॉली फर्न ही मधली पायरी गाळतो. त्या हिरव्या तुकड्यातून मीलनाशिवायच थेट रोप फुटते. त्यामुळे उगवण भरवशाची असते आणि रोपे जवळजवळ मूळ झाडासारखीच निघतात.

पिकलेले पान निवडा. पानामागचे ठिपके फिकट हिरव्यावरून गडद तपकिरी झालेले पण अजून फाटून रिकामे न झालेले हवेत. दोन-तीन पर्णिका गुळगुळीत पांढऱ्या कागदात घडी करून, वारा नसलेल्या कोरड्या जागी दोन दिवस ठेवा. कागदावर तपकिरी भुकटी पडते. कागद तिरपा करून हलके टिचकी मारा: वर आलेली भरड फोलपटे आधी घसरतात, ती फेकून द्या, कारण बुरशी त्यांच्यावरच वाढते. मागे चिकटून राहणारी बारीक धूळ म्हणजे बीजाणू.

झाकण असलेल्या पारदर्शक डब्यात चार सेंटिमीटर ओले कोकोपीट भरा, त्यावर उकळते पाणी ओता, निथळू द्या आणि झाकण लावून पूर्ण गार करा. बीजाणू अगदी विरळ भुरभुरा. चिमूटभरही जास्तच होते, दाट पेरले की तुकडे एकमेकांना दाबतात. वर माती टाकू नका, त्यांना उजेड लागतो. झाकण लावून २० ते २५ अंश तापमानात, थेट ऊन नसलेल्या उजेडात ठेवा. आतून थेंब दिसत असतील तोवर पाणी घालायची गरज नाही. लागलेच तर उकळून गार केलेले पाणी द्या.

काही आठवड्यांत पृष्ठभागावर हिरवी झाक येते, दोन-तीन महिन्यांत ते तुकडे वेगळे दिसू लागतात आणि त्यानंतर इवलीशी, अजून पर्णिकांची विभागणी नसलेली पाने वर येतात. इथे घाई करू नका. पाने दोन-तीन सेंटिमीटरची झाल्यावर चिमट्याने तीन-चार रोपांचा गुच्छ उचलून लहान कुंडीत लावा. झाकण एकदम काढू नका, पंधरा दिवस रोज थोडे अधिक उघडा. पेरणीपासून बागेत लावण्याजोगे रोप व्हायला दीड ते दोन वर्षे लागतात.

याच सोपेपणाची दुसरी बाजू आहे. एका बीजाणूला जोडीदार लागत नसल्याने वाऱ्यावर उडालेली धूळ कुठल्याही ओलसर फटीत रुजते. कॅलिफोर्निया, हवाई, अमेरिकेचा आग्नेय भाग, पूर्व ऑस्ट्रेलिया इथे हा फर्न बागांतून बाहेर पडून खडकांत आणि गटारांच्या भिंतींत स्थायिक झाला आहे. तुमच्या बागेजवळ नैसर्गिक ओढा, कडा किंवा दगडी घळ असेल तर लावण्यापूर्वी तिथल्या उपद्रवी वनस्पतींच्या सरकारी यादीत हे नाव आहे का ते बघा. नसले तरी पानामागचे ठिपके तपकिरी होण्याआधी ती पाने कापा, आणि विटांच्या सांध्यात उगवलेली रोपे बोटभर असतानाच उपटा. मुळे चुन्यात शिरल्यावर ती सांधा फोडल्याशिवाय निघत नाहीत.